तक्त्यातले बाळ आणि चित्रफितीतले बाळ

मा. संपादक महोदय,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीत सध्या बालसंगोपनावर जी लेखमाला येत आहे, तिच्यातील पहिल्या वर्षासंबंधीच्या लेखासोबत महिन्यांनुसार एक तक्ता छापला होता. बाळाने कोणत्या महिन्यात मान धरावी, केव्हा पालथे पडावे, केव्हा आधाराविना बसावे, केव्हा रांगावे आणि केव्हा पहिले पाऊल टाकावे, हे त्यात एकेका आकड्याने सांगितले होते. लेख तळमळीने लिहिलेला आहे आणि त्यातील आहाराविषयीचा भाग मला विशेष आवडला. तक्त्याविषयी मात्र लिहिल्यावाचून राहवत नाही. मी अनेक वर्षे अध्यापक विद्यालयात बालविकास हा विषय शिकवला आणि असा तक्ता हातात घेऊन, डोळ्यांत पाणी आणून विचारणाऱ्या आया पाहिल्या आहेत: 'आमचं अजून रांगत नाही, काही कमी आहे का त्याच्यात?' हा तक्ता कुठून आला आणि तो ज्या सामग्रीवरून तयार झाला तिच्यात आणखी काय काय होते, हे वाचकांना कळावे म्हणून हे पत्र लिहीत आहे.

मुलाच्या वाढीची पद्धतशीर नोंद ठेवण्याची सुरुवात रोजनिशीपासून झाली. चार्ल्स डार्विन यांनी आपल्या पहिल्या मुलाविषयीच्या नोंदी १८७७ साली प्रसिद्ध केल्या आणि पाच वर्षांनी विल्हेल्म प्रायर यांचा स्वतःच्या मुलाच्या निरीक्षणावर आधारलेला जर्मन ग्रंथ आला. या नोंदी मोलाच्या होत्या, पण पाहणाऱ्याच्या नजरेतून जे निसटले ते कायमचे गेले आणि जे नोंदले गेले ते दुसऱ्या कोणाला पडताळता येत नव्हते. बाळाचा हात खेळण्याकडे जातो तेव्हा बोटे आधी उघडतात की हात आधी पोहोचतो, अशा साध्या प्रश्नाचे उत्तरही रोजनिशीतून मिळणे कठीण, कारण ती सगळी हालचाल क्षणार्धात संपते. १९२३ साली ईस्टमन कोडॅक कंपनीने १६ मिलिमीटर रुंदीची, सहजी पेट न घेणारी आणि मोठ्या फितीपेक्षा बरीच स्वस्त फिल्म बाजारात आणली, तेव्हा कॅमेरा प्रयोगशाळेत आणि बालवाडीत नेणे संशोधकांच्या आवाक्यात आले.

या साधनाचा सर्वांत चिकाटीने उपयोग केला तो अमेरिकेतील येल विद्यापीठाच्या आर्नल्ड गेझेल यांनी. १८८० साली विस्कॉन्सिन राज्यातील अल्मा या लहान गावी जन्मलेले गेझेल आधी शिक्षक, मग स्टॅन्ली हॉल यांच्या हाताखाली मानसशास्त्राचे डॉक्टर आणि पुढे १९१५ साली वैद्यकाचेही पदवीधर झाले. न्यू हेवन येथे १९११ साली त्यांनी सुरू केलेले छोटेसे बालचिकित्सालय पुढे बालविकासाचे मोठे केंद्र बनले. १९२४ पासून त्यांनी बाळांचे चित्रण सुरू केले आणि थोड्याच काळात त्यासाठी खास घुमट उभारला. अर्धगोलाकार सांगाड्याच्या मध्यभागी बाळाचा पाळणा, घुमटाच्या कमानीवरून सरकणारे कॅमेरे, बाळाच्या डोळ्यांना त्रास होणार नाही असा थंड प्रकाश आणि चहूबाजूंनी पांढरा रंग दिलेली बारीक जाळी. आत उजेड आणि बाहेर अंधार ठेवला की बाहेरून आतले स्पष्ट दिसे, पण आतून बाहेरचे काहीच दिसत नसे. पाहणारे दहा लोक उभे असले तरी बाळाचे लक्ष विचलित होत नसे. याशिवाय घरासारखी मांडणी केलेली एक खोलीही होती आणि तेथे बाळाचे झोपणे, दूध पिणे, अंघोळ, खेळणे असे दिवसभराचे व्यवहार आईच्या सहवासात चित्रित होत.

चित्रण ही अर्धीच गोष्ट होती, खरे काम त्यानंतर सुरू होई. फीत एका यंत्रात घालून हाताने एकेक चौकट पुढे सरकवायची, हवी तेथे थांबवायची, मागे न्यायची, अंतर व कोन मोजायचे आणि लिहून ठेवायचे. गेझेल यांचे सहकारी हॅल्व्हर्सन यांनी १९३१ साली प्रसिद्ध केलेला अभ्यास या पद्धतीचा उत्तम नमुना आहे. सोळा आठवड्यांपासून बावन्न आठवड्यांपर्यंतच्या बाळांसमोर मेजावर एक इंच बाजूचा लाल लाकडी ठोकळा ठेवायचा आणि ते तो कसा घेते हे चित्रित करायचे, एवढाच प्रयोग. पण त्या फितींतून पकडीचे दहा प्रकार वेगळे काढता आले. आधी ठोकळा नुसता पाहिला जातो, मग हात त्याच्यावर येऊन आदळतो, मग तो तळहाताशी दाबून धरला जातो, मग अंगठा हळूहळू बोटांच्या समोर येतो आणि वर्ष भरता भरता बाळ ठोकळा बोटांच्या टोकांनी अलगद उचलते. मुठीपासून चिमटीपर्यंतचा हा प्रवास प्रत्येक आजीने पाहिलेला असतो, परंतु त्याच्या पायऱ्या इतक्या स्पष्टपणे त्याआधी कोणी मांडल्या नव्हत्या.

येथे मराठी वाचकाला दादासाहेब फाळके आठवावेत हे साहजिक आहे. राजा हरिश्चंद्राची कथा पडद्यावर आणण्याआधी, १९१२ साली, फाळक्यांनी वाटाण्याच्या रोपाची वाढ दिवसांमागून दिवस थोडी थोडी चित्रित करून मिनिटभराच्या फितीत दाखवली होती. हेतू भांडवल देणाऱ्याला या माध्यमाची ताकद पटवण्याचा होता, पण जे डोळ्यांना दिसत नाही इतक्या संथपणे घडते ते कॅमेऱ्याने दृश्य करता येते, हे त्यांनी गेझेल यांच्या घुमटाच्या कितीतरी आधी ओळखले होते. गेझेल यांची तर सारी विचारसरणीच अशी होती की शरीराप्रमाणे वागणूकसुद्धा वाढते, तिलाही आकार असतो आणि तो टप्प्याटप्प्याने उलगडतो.

आता तक्त्याकडे येतो. गेझेल यांनी १९२० च्या दशकाच्या अखेरीस मापदंड ठरवण्यासाठी न्यू हेवनमधील १०७ बाळांचा अभ्यास केला. ही सारी बाळे मध्यमवर्गीय, गोऱ्या, उत्तर युरोपीय वंशाच्या कुटुंबांतील होती. समूह एकजिनसी असावा म्हणून त्यांनी हे मुद्दामच केले होते आणि संशोधनाच्या दृष्टीने ते समजण्यासारखे आहे. त्यातून कोणत्या आठवड्याला बहुतेक बाळे काय करतात याच्या सूची झाल्या, १९३४ साली सुमारे ३,२०० छायाचित्रांचा दोन खंडांचा चित्रसंग्रह निघाला आणि त्या सूची डॉक्टरांच्या, परिचारिकांच्या व पुढे मासिकांच्या हाती गेल्या. आज जगभर जे महिनेवार तक्ते छापले जातात त्यांतील बऱ्याच तक्त्यांचे मूळ या परंपरेत आहे. प्रवासात मर्यादा गळून पडल्या, समूह कोणता होता हे विसरले गेले आणि 'या वयाच्या सुमारास पुष्कळ बाळे असे करतात' या विधानाचे 'या वयात बाळाने असे करावे' असे रूपांतर झाले. आपले मापदंड म्हणजे मुलांना लावायची कसोटी नव्हे, असे गेझेल स्वतः वारंवार सांगत असत, पण तेवढे वाक्य तक्त्यात मावत नाही.

माझ्या मते सर्वांत महत्त्वाची आणि सर्वांत कमी सांगितली गेलेली गोष्ट पुढे आहे. त्याच घुमटातील त्याच फितींमध्ये बाळांबाळांमधील फरकही साठवलेला होता आणि गेझेल यांनी तो तपासूनही पाहिला. ज्या पाच बाळांचे पहिल्या वर्षात विपुल चित्रण झाले होते, ती मुले पाच वर्षांची झाल्यावर पुन्हा चित्रित करण्यात आली. लुईस बेट्स एम्स या तरुण सहकारी त्या मुलांना बाळपणी ओळखत नव्हत्या. त्यांनी पहिल्या वर्षाच्या फिती बारकाईने पाहून पंधरा गुणविशेषांनुसार पाचही बाळांचा क्रम लावला: अंगातील उत्साह, हालचालींची ढब, स्वावलंबन, माणसांना दिलेला प्रतिसाद, विनोदाची जाण, यश मिळाल्यावर किंवा अडवणूक झाल्यावर होणारी प्रतिक्रिया, हसू किती चटकन येते, रडू किती चटकन येते, असे ते विशेष होते. पाच वर्षांनंतरच्या वागणुकीवरून लागलेल्या क्रमाशी हा क्रम निम्म्याहून अधिक ठिकाणी तंतोतंत जुळला आणि जेथे जुळला नाही तेथेही बहुधा एकाच पायरीचा फरक पडला. १९३७ साली हा अभ्यास प्रसिद्ध झाला. पाच मुले म्हणजे फार नव्हेत आणि तेवढ्यावरून सिद्धान्त उभा करता येणार नाही हे मला मान्य आहे. तरीही बोलता न येणाऱ्या, पाऊलही न टाकलेल्या बाळाचा स्वतःचा असा स्वभाव असतो, ही आयांना जन्मोजन्मी माहीत असलेली गोष्ट पुन्हा पुन्हा पाहता येईल अशा पुराव्यानिशी मांडण्याचा तो एक फार सुंदर प्रयत्न होता. या अभ्यासातून तक्ता निघू शकत नव्हता, म्हणून तो आपल्यापर्यंत पोहोचला नाही.

त्याच काळात बर्लिनमध्ये मानसशास्त्रज्ञ कुर्ट लेविन वेगळ्या वाटेने चालले होते. ते कॅमेरा घेऊन मुलांच्या मागे बागेत आणि नदीकाठी जात. दीड वर्षाच्या आसपासची एक मुलगी दगडावर बसू पाहते, एवढ्याच प्रसंगाची त्यांची एक छोटी फीत आहे. बसायचे तर दगडाकडे पाठ करावी लागते आणि पाठ केली की दगड दिसेनासा होतो. ज्या गोष्टीची ओढ आहे तिच्याकडेच पाठ फिरवणे त्या वयाला जमत नाही, म्हणून ती दगडाभोवती फेऱ्या घालत राहते. १९२९ साली आंतरराष्ट्रीय मानसशास्त्र परिषद भरली ती योगायोगाने येल विद्यापीठातच आणि तेथे लेविन यांनी ही फीत दाखवली. त्यांचे जर्मन भाषण अनेकांना समजले नसेल, पण पडद्यावरची मुलगी सर्वांना समजली, आणि ती पाहून काही अमेरिकी मानसशास्त्रज्ञांना आपल्या उपपत्तींचा फेरविचार करावा लागला असे गॉर्डन ऑलपोर्ट यांनी नमूद केले आहे. लेविन यांनी दोन वर्षांनी लिहिलेल्या एका निबंधात या फितीमागचा विचार सापडतो. त्यांचे म्हणणे असे की शंभर मुलांची सरासरी काढली की मूल ज्या परिस्थितीत वागत होते ती परिस्थितीच पुसली जाते. सरासरी मूल कोठेही राहत नाही आणि सरासरी परिस्थितीत कोणीही वाढत नाही. एकाच मुलाचा एकच प्रसंग संपूर्ण समजून घेतला तर त्यातून नियम दिसू शकतो.

कॅमेरा आपोआप माणसाला शहाणे करतो असा माझा दावा नाही. १९१९-२० च्या सुमारास मानसशास्त्रज्ञ जॉन वॉटसन यांनी बाल्टिमोरच्या जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठात केलेले चित्रण याची साक्ष देईल. नऊ महिन्यांच्या, पांढऱ्या उंदरालाही न घाबरणाऱ्या एका शांत बाळाला, ते अकरा महिन्यांचे झाल्यावर, पाठीमागे लोखंडी कांबीवर हातोडा मारून घाबरवायचे आणि मग ती भीती उंदराला व तशा दिसणाऱ्या इतर वस्तूंना चिकटते हे दाखवायचे, असा तो प्रयोग होता. भीती घालवण्याचा प्रयत्न होण्याआधीच बाळाला रुग्णालयातून नेले गेले. त्या एका बाळाच्या आधारे साऱ्या मुलांना हवे तसे घडवता येते असा निष्कर्ष पसरला आणि १९२८ साली तर वॉटसन यांनी आयांना मुलांचे लाड करू नका, मुके घेऊ नका असा उपदेश करणारे पुस्तकच लिहिले. तेथेही मूल एकच होते, पण ते कसे आहे हे कोणी पाहत नव्हते, फक्त त्याच्यावर काय घडवता येते एवढेच पाहिले गेले. ही फीत पाहताना मला आजही संताप येतो.

वृत्तपत्रांचा संबंधही या इतिहासाशी आहे, म्हणून आणखी एक उदाहरण देतो. १९३० च्या दशकात न्यू यॉर्कमध्ये मानसशास्त्रज्ञ मर्टल मॅग्रॉ यांनी जुळ्या भावांपैकी एकाला अगदी लहानपणापासून चढण्याचा, पोहण्याचा, चाकांच्या बुटांवर चालण्याचा सराव दिला आणि दुसऱ्याला त्या काळात असा सराव दिला नाही. दोघांच्या वाढीचे सतत चित्रण होत होते. फितींतून दिसले ते असे की काही कौशल्यांवर सरावाचा फारसा परिणाम होत नाही, काहींवर पुष्कळ होतो, आणि प्रत्येक कौशल्यासाठी योग्य वेळ निरनिराळी असते. हे गुंतागुंतीचे उत्तर तेव्हाच्या वृत्तपत्रांना नको होते. त्यांनी दोन बाळांची शर्यत लावून दिली, कोण पुढे आणि कोण मागे याच्या बातम्या छापल्या आणि सराव न दिलेला भाऊ मागाहून बरोबरीला आला म्हणून सारा प्रयोग फसला असे जाहीर केले. मुलांच्या वाढीविषयी लिहिताना शर्यतीची भाषा किती चटकन येते आणि ती किती टिकून राहते, हे आपणास वेगळे सांगायला नको.

एका मुलाचे प्रामाणिक चित्रण काय करू शकते याचा दाखला मात्र इंग्लंडमध्ये मिळाला. त्या काळी रुग्णालयात दाखल केलेल्या मुलांना भेटायला आईवडिलांना फार थोडा वेळ मिळे आणि मुले काही दिवसांत 'रुळतात' असे परिचारिका व डॉक्टर मनापासून मानत. लंडनच्या टॅव्हिस्टॉक चिकित्सालयात जॉन बोल्बी यांच्यासोबत काम करणाऱ्या जेम्स रॉबर्टसन यांना हे पटत नव्हते, पण त्यांचे शब्द कोणी ऐकत नव्हते. त्यांनी एक साधा कॅमेरा घेतला. शस्त्रक्रियेच्या प्रतीक्षायादीतून चिठ्ठी टाकल्यासारखी एका अडीच वर्षांच्या मुलीची निवड झाली. ती आठ दिवस रुग्णालयात होती. आपण सोयीचे तेवढेच दाखवले असा आक्षेप येऊ नये म्हणून रोज ठरलेल्या वेळी, भिंतीवरचे घड्याळ दिसेल अशा रीतीने चित्रण केले गेले. मुलगी वयाच्या मानाने फार संयमी होती. ती आक्रोश करत नाही, चेहरा आवरते, अधूनमधून हळूच आईविषयी विचारते, आणि आई भेटायला येते तेव्हा तोंड फिरवते. १९५२ च्या नोव्हेंबरमध्ये लंडनच्या वैद्यक संस्थेत फीत दाखवली तेव्हा अनेक डॉक्टर चिडले. हे मूल अपवादात्मक आहे, असे ते म्हणाले. पण त्यांच्यापैकी एक बालरोगतज्ज्ञ डर्मोड मॅकार्थी परत आपल्या वॉर्डात गेले आणि तेथील शांत मुलांकडे त्यांनी पहिल्यांदा नीट पाहिले, तेव्हा त्यांचे मत पालटले, आणि त्यांनी आयांना मुलांजवळ राहू देण्यास सुरुवात केली. १९५९ साली ब्रिटिश सरकारने नेमलेल्या प्लॅट समितीने मुलांना भेटण्यावरील निर्बंध उठवावेत अशी शिफारस केली. संयमी मुलाचे दुःख आक्रस्ताळ्या मुलाच्या दुःखापेक्षा कमी नसते, फक्त ते वेगळ्या रूपात दिसते, हे कोणत्याही सरासरीतून कळले नसते.

तक्ते छापूच नयेत असे मी म्हणत नाही. वाढीतील खरा अडथळा लवकर ध्यानात यावा म्हणून मापदंड लागतात आणि कित्येक मुलांना त्यामुळे वेळेवर उपचार मिळाले आहेत. प्रश्न एकच आकडा छापण्याचा आहे. १९६७ साली अमेरिकेत आलेल्या डेन्व्हर चाचणीनेही प्रत्येक टप्प्यापुढे एक आडवी पट्टी काढून पंचवीस टक्के, निम्मी, पाऊणशे टक्के आणि नव्वद टक्के मुले तो टप्पा केव्हा गाठतात हे दाखवले होते. आपल्याकडे प्रमिला फाटक यांनी बडोद्याच्या विद्यापीठात भारतीय बाळांच्या वाढीचा अभ्यास करून १९७० साली मापदंड दिले आणि त्यांवर आधारलेली मोजपट्टी आजही आपल्या रुग्णालयांत वापरली जाते. न्यू हेवनच्या १०७ बाळांऐवजी आपली बाळे पाहण्याचे हे काम एका मराठी नावाच्या संशोधिकेने केले, याचा उल्लेख आपल्या लेखमालेत झाला असता तर मला आनंद झाला असता. जागतिक आरोग्य संघटनेने २००६ साली भारतासह पाच देशांतील ८१६ मुलांच्या निरीक्षणावरून जे प्रसिद्ध केले ते तर प्रत्येक पालकाने पाहावे असे आहे. आधाराविना बसणे ३.८ ते ९.२ महिने, हातागुडघ्यांवर रांगणे ५.२ ते १३.५ महिने आणि आधाराविना चालणे ८.२ ते १७.६ महिने. निरोगी मुले या सर्व काळात कधीही ते टप्पे गाठू शकतात, आणि काही निरोगी मुले तर हातागुडघ्यांवर न रांगताच उभी राहतात. ज्या आईचे बाळ तेरा महिन्यांचे होऊनही चालत नाही म्हणून घरात कुजबुज सुरू झाली आहे आणि शेजारून पांगुळगाडा आणला गेला आहे, तिला या एका ओळीने किती धीर येईल याचा आपण विचार करावा.

यासाठी माझी आपणास विनंती आहे की लेखमालेच्या पुढील भागात तो तक्ता पुन्हा छापावा, पण प्रत्येक टप्प्यापुढे एका आकड्याऐवजी त्याची खालची व वरची मर्यादा द्यावी. वरची मर्यादा उलटून गेल्यास, किंवा येत असलेली गोष्ट बाळ अचानक करेनासे झाल्यास, वाट न पाहता बालरोगतज्ज्ञांना दाखवावे, हे ठळक अक्षरांत लिहावे. अंगणवाडी सेविकांसाठीही हाच तक्ता उपयोगी पडेल, कारण वस्तीतील आईचा पहिला प्रश्न बहुतेकदा त्यांच्याकडेच येतो. आपल्या वैद्यकीय सल्लागारांना तक्ता मराठीत तयार करण्यास मदत हवी असल्यास मी ती आनंदाने करीन. माझा पत्ता पत्राच्या पाकिटावर दिला आहे.

आपला विश्वासू,
बालविकास विषयाचा एक निवृत्त अध्यापक, सातारा